नऊ ठिपके

माय रोज पहाटे सडा टाकते
आणि उकिडवी बसून ठिपके मांडते.
मोजत नाही. बोटांनाच हिशेब ठाऊक.
बाबा शेतात निघतात तेव्हा
टीव्हीएसचं मागचं चाक उचलून
रांगोळीच्या पलीकडं ठेवतात.
बोलत नाहीत त्याबद्दल. पुसू मात्र देत नाहीत.

त्या दिवशी दारात नऊच ठिपके होते.
तीन, तीन, तीन.
आणि त्यांना जोडणारी एकच रेघ:
डाव्या कोपऱ्यातून सरळ खाली,
खालून तिरपी वर,
वरून पुन्हा खाली.

माझ्या मोबाईलचं कुलूप.
उंबऱ्याबाहेर, पांढरंशुभ्र,
साऱ्या गल्लीला दिसेल असं.

मी तोंडात ब्रश धरून थांबली.
माय चुलीपाशी, पाठमोरी.
"च्या निवून राह्यला," एवढंच बोलली.
दिवसभर मी तिचा चेहरा चाळला
आणि त्यात भाकरीशिवाय काही सापडलं नाही.

उघडला असेल का तिनं?
की नुसतं माझं बोट पाहिलं,
अंधारात, गोधडीखालून उजेड झिरपताना?
वाचता येतं तिला. चौथी शिकलेली आहे,
पुडीचा कागदही फेकण्याआधी वाचते, ओठ हलवत.

ज्या नावाशी मी रात्री बोलते
ते फोनमध्ये 'गॅस एजन्सी' म्हणून आहे.
(गॅस एजन्सी रात्री अकराला
कोणाची विचारपूस करते, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.)
घरात ते नाव तीन वर्षांत कोणी घेतलं नाही.
मोनालीची कबड्डीची ढाल
तुरीच्या पोत्यामागं, भिंतीकडं तोंड करून उभी आहे.
ती सुरतेला असते. नवरा तिनं निवडला.
बाबा तेव्हा म्हणाले होते,
"मले एकच पोरगी."
तेव्हापासून मी दिवसा एकटी असते
आणि रात्री आम्ही दोघी.

त्या रात्री मी कुलूप बदललं.
नवी रेघ इतकी अवघड
की मलाच दोनदा चुकली.

सकाळी दारात
नऊ ठिपके.
जोडलेले नव्हते.

शेजारची रंभाकाकू थबकली,
"काहो, अर्धीच ठेवली आज?"
"भुकटी सरली," माय म्हणाली.
डबा काठोकाठ होता. मी पाहिला होता.

मग आठ-दहा दिवस तेच.
नऊ मोकळे ठिपके, आणि त्यांच्या बाजूनं
उचलून नेलेलं चाक.

एका दुपारी आम्ही अंबाडी निसत होतो.
पानं तिच्या सुपात, काड्या माझ्याकडं.
बाबा ओट्यावर वखराची पास घासत होते.
माय पानांकडंच पाहत बोलली,
आवाज जराही न उतरवता:
"त्या गॅसवालीले विचार,
तिकडं अंबाडी भेटते काय."

बाहेर घासणं थांबलं.
माझ्या हातातली काडी हातातच.
माय निसतच राहिली.
मग पुन्हा सुरू झाला तो आवाज,
पण आधीपेक्षा हळू,
आतलं ऐकू यावं इतका.

रात्री मी विचारलं.
तिकडून बराच वेळ 'टाइप करत आहे' एवढंच दिसत राहिलं,
विझलं, पुन्हा दिसलं.
इतकं काय लिहून खोडत होती, देव जाणे.
आलं ते एवढंच.
मी गोधडी बाजूला केली
आणि अंधारात मोठ्यानं वाचलं:
"भेटते. पण आंबट नसते."

माय या कुशीवरून त्या कुशीवर झाली.
काही वेळ नुसता पंखा.

"कशी असंन आंबट,"
बाबा कौलांकडं पाहत म्हणाले,
"माती तिकडची."